मिस्त्रींचा खोकला

बाई सिनेमाची फिल्म कापून जोडायच्या. कंपनी लहान, म्हणून शूटिंगची व्यवस्थाही त्यांच्याच गळ्यात: गाड्या, जेवणं, परवानग्या, कोण वेळेवर आलं, कोण नाही. एकवीस वर्षं मी त्यांच्या हाताखाली ट्रॉली ढकलली. कॅमेऱ्याची ट्रॉली रुळावरून ढकलायला ताकद लागते ती थोडी. पाऊल एका वेगात पडावं लागतं. चुकलं की बाईंना कापायच्या टेबलावर फिल्म बघताना कळायचं.

"ट्रॉली, सतराव्या पावलाला लंगडलास."

खरंच लंगडलेलो असायचो.

त्यांचे यजमान आमचे सेट बांधणारे मिस्त्री. लाकडाचा भुसा छातीत बसलेला, खोकला कायमचा.

एखाद्या खोलीतलं शूटिंग संपलं की त्या खोलीची नुसती शांतता अर्धं मिनिट टेप करून ठेवायची पद्धत होती. संवाद कापले की मधल्या फटी बुजवायला ती लागते. सगळ्यांनी असाल तिथं श्वास धरून उभं राहायचं. नेमका तेव्हाच मिस्त्रींना खोकला यायचा.

"अहो, जरा बाहेर जाऊन खोका की!"

"बाहेर गेलो की येत नाही. तुझी शांतताच सोसत नाही मला."

सगळे हसायचे. पुन्हा अर्धं मिनिट. खोकल्याचा तुकडा बाई कापून टाकून द्यायच्या.

मिस्त्री जाऊन चार वर्षं झाली. घरात त्यांचे फोटो ढीगभर, आवाज कुठेच नाही. कंपनी गोदाम रिकामं करतेय असं कळलं, तेव्हा बाईंचा फोन आला. "शेवटच्या सिनेमातला यांच्या खोकल्याचा एक तुकडा बहुतेक टाकून दिला नव्हता मी. फिल्मचे डबे जड आहेत. येशील?"

माझी कंबर कामातून गेलेली. दर दहा डब्यांनी बसलो, पण उतरवले. बाई झाकणं काढून चिठ्ठ्या वाचत होत्या. एकाहत्तराव्या डब्यात त्यांच्याच अक्षरात चिठ्ठी निघाली: 'स्वयंपाकघर, शांतता. खराब.'

गोदामातल्या आवाज ऐकायच्या मशीनची मोटर जळालेली होती. स्पीकर चालू होता, आवाजाची पट्टी मात्र हाताने फिरवायची. बाईंनी हँडल धरलं. वेग एकसारखा राहीना. सावकाश फिरवलं, तर आवाज रेकणाऱ्या रेड्यासारखा. घाईने फिरवलं, तर चिमणीसारखा.

"हे ते नव्हेत," त्या म्हणाल्या आणि बाजूला झाल्या. "तू फिरव."

मी हँडल धरलं. रुळावर मोजायचो तशी मनात पावलं मोजली. आधी नुसती खोली ऐकू आली. मग खोकला. मग बाईंचा करडा आवाज, "अहो, जरा बाहेर जाऊन खोका की!" आणि मिस्त्री म्हणाले, "बाहेर गेलो की..."

पट्टी तिथंच कापलेली होती.

बाई स्पीकरवर तळवा ठेवून उभ्या होत्या.

"पुढचं तुम्हाला पाठच आहे," मी म्हणालो.

"पाठ आहे रे. त्यांच्या तोंडून हवं होतं." मग म्हणाल्या, "पुन्हा लाव."

एकोणीस वेळा फिरवलं. एकदाही लंगडलो नाही.