मऊ केलेलं पत्र

तुमच्या आईने तुम्हाला सांगितलं असेल की आजोबा ट्रकच्या कारखान्यात मोठे साहेब होते. मग ते मुदतीआधीच नोकरी सोडून घरी का बसले, असं परवा तुमच्यापैकी एकाने मला फोनवर विचारलं. फोनवर अशा गोष्टी नीट सांगता येत नाहीत, म्हणून लिहिते. क्रमाने लिहिते, आणि माझा भाग गाळत नाही.

ऐंशीच्या दशकाची मधली वर्षं. आम्ही मुलुंडला राहत होतो. कारखाना नाहूरच्या बाजूला, स्कूटरने दहा मिनिटांवर. आजोबांचे वडील मालवणकडून येऊन गिरणीत लागलेले. आजोबा स्वतः डिप्लोमा करून या कारखान्यात शिकाऊ म्हणून शिरले, फोरमन झाले, आणि मी सांगते त्या काळात वर्क्स मॅनेजर होते. म्हणजे ट्रक तयार करणारं सगळं त्यांच्या हाताखाली. मशीनच्या आवाजावरून कुठलं बेअरिंग जाणार हे त्यांना कळायचं. इंग्रजी मात्र कामापुरतं. मी कॉन्व्हेंटमध्ये शिकलेली, इंग्रजी घेऊन बी.ए. झालेली, घाटकोपरच्या शाळेत तोच विषय शिकवणारी.

कामाने बढती मिळते असं खालच्या पायऱ्यांवरच्या माणसांना वाटतं. फोरमनपर्यंत ते खरंही असतं. त्याच्या पुढे माणूस कागदावर चढतो. दर महिन्याचा अहवाल, एखाद्या मशीनची मागणी, युनियनशी झालेल्या बोलण्याचं टिपण, सगळं वर जातं, आणि वरचे लोक माणसाला त्या कागदावरून ओळखतात. आमच्या घरी हे काम रविवारी सकाळी चाले. आजोबा मराठीत सांगत, मी इंग्रजीत लिहून टाइप करी. एकदा मॅनेजिंग डायरेक्टर त्यांना म्हणाले की तुमच्यासारखं लिहिणारा इंजिनिअर मी पाहिला नाही. आजोबा घरी येऊन हसत मला म्हणाले, "अगं, तुझी बढती झाली." मला त्या दिवशी झालेला आनंद आता आठवला तरी नको वाटतो.

मग कंपनीने एका जपानी कंपनीशी करार केला. छोटा, हलका ट्रक काढायचा ठरलं. तेव्हा सगळ्यांनाच जपानी भागीदार हवा होता. ट्रक बाजारात आणायची तारीख जाहीर झाली, आणि त्याबरोबर एक नवी जागा निर्माण होणार असंही कळलं: जनरल मॅनेजर. आजोबांचं नाव जवळजवळ नक्की होतं. दुसरं नाव विक्री विभागाच्या प्रमुखाचं. तो वयाने बारा वर्षांनी लहान, मॅनेजमेंटची पदवी घेतलेला. आजोबा त्याला वाईट म्हणत नसत. म्हणायचे, हुशार आहे, फक्त ट्रकखाली कधी वाकलेला नाही.

ती जागा मला हवी होती, हे आधी लिहून टाकते. कंपनीची गाडी येईल, पार्ल्याला फ्लॅट मिळेल, आणि माझ्या माहेरची जी माणसं 'गिरणीवाल्याचा मुलगा' म्हणत होती त्यांना पेढे देता येतील. आजोबांनाही हवी होती. पण त्यांना त्यासाठी वाकायचं नव्हतं, आणि मी त्यांना न विचारता वाकवलं.

झालं ते असं. मागच्या चाकांना फिरवणारा पोलादी दांडा, अ‍ॅक्सल शाफ्ट, जपानहून आणणं महाग पडत होतं म्हणून इथेच करायचं ठरलं. मरोळच्या एका कारखान्याला काम दिलं. तो दांडा भट्टीत तापवून विशिष्ट तऱ्हेने कडक करावा लागतो. पहिल्या मालातले काही दांडे आजोबांनी चाचणीत तोडून पाहिले, तर आतून कच्चे. आपल्याकडे टनाच्या ट्रकात दोन टन भरतात हे जपान्यांना माहीत नसेल, पण आजोबांना होतं. ते सरळ साहेबांना, म्हणजे मॅनेजिंग डायरेक्टरना, जाऊन म्हणाले की हा माल लावून ट्रक बाहेर काढू नका. साहेब म्हणाले, लिहून द्या.

तेव्हा रविवारी सकाळी त्यांनी मला मजकूर सांगितला. चारच वाक्यं होती. दांडे कच्चे आहेत. घाटात भरलेला ट्रक असेल तर तुटतील आणि माणूस मरेल. दुसरा माल येईपर्यंत मी एकही ट्रक सोडणार नाही. तारीख पुढे ढकला.

मी म्हटलं, जनरल मॅनेजर व्हायला निघालेला माणूस मॅनेजिंग डायरेक्टरला असं लिहीत नाही. मग मी पत्र तयार केलं. कराराबद्दल अभिनंदनाने सुरुवात केली. दांड्यांबाबत काही निरीक्षणं हाती आल्याचं लिहिलं. जास्त भाराच्या परिस्थितीत त्यांच्या टिकाऊपणाविषयी थोडी शंका संभवते, तरी योग्य वेळी या बाबीचा फेरविचार व्हावा अशी नम्र सूचना. इंग्रजीत हे फार सुरेख दिसत होतं. मराठीत अर्थ सांगून मी त्यांना वाचून दाखवलं.

त्यांनी शेवटपर्यंत ऐकलं. मग म्हणाले, "मी सूचना नाही करत गं. मी 'नाही' म्हणतोय."

"अहो, त्यांच्यात 'नाही' असंच म्हणतात," मी म्हणाले.

त्यांनी सही केली. इंग्रजी हा आमच्या घरात माझा प्रांत होता, आणि ते दुसऱ्याच्या प्रांतात ढवळाढवळ करणारे नव्हते.

दोन दिवसांत उत्तर आलं. सूचना विधायक असून दुसऱ्या टप्प्यात तिचा जरूर विचार करू. आजोबा पत्र घेऊन साहेबांच्या केबिनमध्ये गेले, तर साहेब म्हणाले की 'योग्य वेळी' हे तुमचेच शब्द आहेत, आणि योग्य वेळ ठरवणं माझं काम. ट्रक बाहेर पडायला वर्क्स मॅनेजरची सही लागे. आजोबांनी दोन दिवस सही अडवली. तिसऱ्या दिवशी साहेबांनी त्यांना जेवायला नेलं आणि जनरल मॅनेजरच्या जागेचा विषय काढला. त्यांनी सही केली. ती सही माझी नव्हती, त्यांचीच होती. हेही त्यांनी मला आयुष्यभर स्वतःहून सांगितलं, मी कधी विषय काढला नाही.

चार महिन्यांत कसाऱ्याच्या घाटात कांद्याने भरलेला एक ट्रक उलटला. दांडा तुटला होता. ड्रायव्हर जागीच गेला. त्याचं नाव पेपरात आलं होतं, मला पाठ आहे, इथे लिहीत नाही. तपासणी विभागातला एक फोरमन, आजोबांच्या गावाकडचा, आमच्या दारात येऊन उभा राहिला. आत ये म्हटलं तर आला नाही. "साहेबांनू, तुमी तर बोललेलात. मगे सही कित्याक केलात?" सही का केलीत, एवढं विचारून उत्तराची वाट न बघता जिना उतरला.

कंपनीत चौकशी बसली. साहेबांनी फाईलमधून ते पत्र काढून सगळ्यांसमोर मोठ्याने वाचलं आणि विचारलं की यात ट्रक थांबवा असं कुठे आहे, मला दाखवा. कुठेच नव्हतं. केबिनमध्ये तोंडाने सांगितलेलं साहेबांना आठवत नव्हतं. आठवत होतं, पण बोललेलं फाईलला लागत नाही.

संध्याकाळी चहा घेताना आजोबांनी हे मला सांगितलं. मी म्हटलं, पत्र मी लिहिलं असं सांगायचं होतंत. ते म्हणाले, "चारचौघांत काय सांगू, बायकोने लिहिलं आणि मी न समजता सही केली? मग मी वर्क्स मॅनेजर कसला?" आवाज चढवला नाही. बशी सरळ केली आणि उठले.

जनरल मॅनेजर विक्रीवाला झाला. आजोबांना काढलं नाही. मोठ्या कंपन्या काढत नाहीत. त्यांना फोर्टच्या हेड ऑफिसमध्ये 'विशेष कामगिरी' नावाच्या खुर्चीवर बसवलं. केबिन मोठी, खाली गालिचा, फोन वाजत नसे. भेटायला कोणी येत नसे. कारखान्यात त्यांना पाऊल टाकायला कारण उरलं नाही. त्याच वर्षी एका इंग्रजी मासिकात साहेबांची मोठी मुलाखत आली, उद्योगातलं नेतृत्व या विषयावर. खऱ्या नेत्याला कारखान्यातल्या शेवटच्या माणसाचं ऐकू आलं पाहिजे, असं त्यात होतं. भाषा उत्तम होती. शाळेच्या स्टाफरूममध्ये एकीने मला तो अंक कौतुकाने दाखवला, तुमच्या ह्यांचे साहेब ना, म्हणून. मी हो म्हटलं.

त्यानंतर रविवारी सकाळी माझ्याकडे कागद आला नाही. त्या खुर्चीवर लिहायला काही नव्हतं, हे एक कारण झालं. दुसरं कारण त्यांनी सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही.

दोन वर्षं ते डबा घेऊन गेले आणि डबा घेऊन आले. एके दिवशी दुपारीच घरी परतले आणि एक कागद माझ्या हातात दिला. राजीनामा होता, त्याची नक्कल, इंग्रजीत. घाटकोपर स्टेशनबाहेर बसणाऱ्या टायपिस्टकडून करून घेतलेला. आमच्या कपाटात टाइपरायटर होता. मी चष्मा लावला, तसे ते म्हणाले, "कालच दिलंय. आता बदलायचं काही नाही."

मी वाचलं. तीन ओळी होत्या. मी घाण काम बाहेर जाऊ दिलं, माझी सही होती, म्हणून मी जातो, एवढंच. दुसऱ्या कोणावर शब्द नव्हता. आणि तीन ओळींत मला चार ठिकाणी सुधारता आलं असतं, हे मला वाचता वाचताच दिसलं. ते दिसलं याची चीड मला अजून येते.