बाबाचं बाजूला ठेवलेलं मडकं

मडक्याला मातीचा वास यावा. फार तर धुराचा यावा. गेल्या उन्हाळ्यात मी माहेरच्या दुकानात पाऊल टाकलं तर तिथं ऑइल पेंटचा वास. मी पदर नाकाला लावला. ओळीनं मांडलेले माठ, सुगडं, पणत्या, सगळ्यांवर एकसारखा पिवळाधमक रंग, त्यांना ओढून हळदीला बसवल्यासारखा.

आम्ही कुंभार. अमडापूरच्या रस्त्याला लागून घर, घरापुढं ताडपत्री ताणून केलेलं दुकान. मला चिखलीला दिली, पण आई गेल्यापासून उन्हाळ्याचा महिना-दीड महिना मी माहेरी येऊन दुकानावर बसते. माठाचे दिवस तेच. धाकट्या भावाला गिऱ्हाइकाशी बोलणं जमत नाही, आणि बाबाचे हात गेली दोन-तीन वर्षं थरथरत होते, त्यानं चाक सोडलं होतं.

आमच्या गावची माती पिवळी. नाल्याच्या काठाला निघायची. बाजारात मडकी लाल दिसतात ती बहुतेक काव लावल्यानं. बाबानं जन्मात काव लावली नाही. आमची माती भाजून निघाली की तुरीच्या वरणासारखी फिक्की पिवळी दिसते, पाणी भरलं की जरा गडद होते, बस. चकाकी म्हणाल तर शून्य. बाहेरगावची माणसं हात फिरवून विचारायची, "कच्चं तर नाही ना हो?" कच्चं तुमचं डोकं, असं अगदी ओठांवर यायचं माझ्या.

आणि या लोकांना सगळी मडकी सारखीच. संक्रांतीचं सुगड नेऊन त्यात दही लावतात. अहो, त्याचं तोंड एवढं उघडं ठेवलंय ते हरभऱ्याचे घाटे आणि बोरं वरून दिसावीत म्हणून, दही लावायला नाही. अखजीची घागर वेगळी. अखजी म्हणजे अक्षय तृतीया, त्या दिवशी पितरांच्या नावानं तिच्यात पाणी भरतात आणि वर खरबूज ठेवतात, म्हणून तिचा काठ रुंद. नवरात्राचा घट बाबा मुद्दाम कमी भाजायचा. त्यातून पाणी झिरपलं तरच खालच्या मातीतलं धान उगवणार. लग्नाच्या मडक्यांवर चुन्याच्या रेघा, खाली मोठं, वर लहान. हे सगळं मी पाचवी-सहावीत असताना घडाघडा सांगायचे, आणि बाबा चाकावरून मान न उचलता हसायचा.

एक मडकं मात्र दुकानात मांडायचं नसतं. मयतीचं. ते घराच्या दाराच्या मागं असायचं. ते न्यायला आलेला माणूस काय पाहिजे ते बोलत नाही, नुसता उंबऱ्यापाशी उभा राहतो. बाबा काही न विचारता उठायचा, दारामागून एक काढून द्यायचा. निघताना त्याला कोणी "या बरं का" म्हणायचं नाही.

ते मडकं करणं सगळ्यात कठीण. दिसायला साधं, लहान, गोल. पण अंग पातळ पाहिजे. मुलगा ते पाण्यानं भरून खांद्यावर घेतो, चितेभोवती फिरतो, मागचा माणूस दगडानं त्याला भोक पाडतो. एका टिचकीत भोक पडलं पाहिजे. शेवटी मुलगा ते खांद्यावरून मागं टाकतो आणि मागं वळून न पाहता निघून जातो. बाबा म्हणायचा, "त्याले पाहता येत नाई, म्हून आवाज चोख पाह्यजे. आवाज नाई आला तं तो माणूस जन्मभर मागंच पाहत राहीन." बाबाच्या हातचं मडकं फुटलं नाही असं पंचक्रोशीत कधी झालं नाही. याचा त्याला माठाहून जास्त अभिमान होता.

तर मी भावाला झाडलं. "हे काय करून ठेवलं बे? लाज वाटली नाही?"

तो ब्रश रॉकेलच्या डब्यात बुचकळत होता. म्हणाला, "लोकाईले पिवळी पाह्यजेत. आपलं नाव पिवळ्या मडक्याचं हाये. माती कुठून आणू? ही टेम्पोनं येतात, लाल. रंग मारला की झालं."

"नाल्याला काय धाड भरली?"

"जाऊन पाह्य एकदा," तो म्हणाला आणि पुन्हा ब्रश फिरवू लागला.

मी गेले नाही. रागातच दुकानावर बसले. पुढचे आठ दिवस मी ती सोंगं विकली. विकली म्हणजे काय, गिऱ्हाइकानं विचारलं, "गावच्या मातीची ना?" तर मी हूं म्हणून तिसरीकडंच पाहायचे. तोंडात कडू चव यायची.

मग ती बाई आली. लोणारचं सरोवर पाहायला निघालेली, पुण्याची. गाडीतून उतरली, गॉगल डोक्यावर चढवला, एका माठावर नख घासलं आणि नखाखालचा रंग मला दाखवला. "हे रंगवलेलं आहे. खरं काही नाहीये का तुमच्याकडे?"

बोलली ते खरंच होतं, म्हणून तर मला ते जास्त झोंबलं. कुंभाराच्या लेकीला पुण्याची बाई मडकं शिकवते. मी काही बोलायच्या आत ती उंबरा ओलांडून आत शिरली, चपलांसकट, आणि दारामागून एक मडकं उचलून बाहेर घेऊन आली. तिथं रंगवलेली पाच-सहा होती. हे एकच खरं होतं, आमच्या मातीचं. ते अजून शिल्लक आहे हे मलाच माहीत नव्हतं.

"हे. हे किती गोड आहे," ती म्हणाली.

"ते मयतीचं आहे," मी म्हणाले.

"म्हणजे?"

मी सांगितलं. खांद्यावर घेणं, भोक पाडणं, मागं टाकणं, सगळं. वाटलं, आता तरी हातातून खाली ठेवील. तिचे डोळे उलट चमकले. "कसलं भारी. म्हणजे याला एक स्टोरी आहे. हॉलमध्ये कोपऱ्यात ठेवीन, वाळलेलं गवत घालून."

शिसारी आली मला. लोकांचं मरण हिला सोफ्याच्या कोपऱ्याला पाहिजे. मी नाही म्हणू शकत होते. पण माझ्या डोक्यात तेव्हा वाईट बुद्धी शिरली. म्हटलं, ने बाई. मयताचं मडकं घरात मांडून बस, पाहुण्यांना दाखव, तुझी हीच लायकी. मी ते वर्तमानपत्रात गुंडाळलं. गुंडाळताना बुडाशी अंगठ्याचा ठसा दिसला, ओल्या मातीत मुद्दाम दाबलेला. बाबा कधी ठसा ठेवत नसे. मला ते खटकलं आणि तरी मी विचारायला आत गेले नाही, कारण त्या बाईला लवकर नजरेआड करायचं होतं. गाडी गेली. नाव नाही, गाव नाही, फोन नंबर नाही.

संध्याकाळी बाबा काठी टेकत बाहेर आला आणि सवयीनं दारामागं डोकावला. बराच वेळ वाकून पाहत राहिला.

"इथलं मडकं?"

"विकलं."

"कोणाकडं मयत झाली?"

"कोणाकडंच नाही. पुण्याच्या बाईनं नेलं. शोभेला."

"शोभेले," बाबा म्हणाला. मग म्हणाला, "बरं," आणि काठी टेकत आत गेला. जेवला नाही. पोट भरलंय म्हणाला.

भावानं मला अंगणाच्या कडेला नेलं. एरवी तो माझ्यासमोर मान वर करून बोलत नाही. "ताई, ते त्यानं सोताच्यासाठी ठेवलं होतं. शेवटच्या मातीचं, शेवटचं. हात चालत होते तेव्हा करून ठेवलं. मी दरवर्षी फडक्यानं पुसून ठेवत होतो. तुले नाई सांगतलं त्यानं?"

नाही सांगितलं. लेकीला कोण सांगेल, हे माझ्या मयतीचं मडकं म्हणून? आणि मी आठ दिवस ज्या भावाला फसवा, बाटगा म्हणत होते त्यानं ते पुसून जपलं होतं. माती, घाट, रीत, सगळं तोंडपाठ असणाऱ्या मी ते रस्त्यावरच्या बाईला देऊन टाकलं. वर तिचीच लायकी काढली. त्या दिवसापासून मला रंगाची किळस यायची ती कमी झाली आणि स्वतःची येऊ लागली.

दुसऱ्या दिवशी घमेलं आणि कुदळ घेऊन मी नाल्यावर गेले. भाऊ "जाऊन पाह्य" का म्हणाला ते तेव्हा कळलं. आमच्या मातीच्या काठावर आख्ख्या गावाचा कचरा. लेकरांची वापरलेली डायपरं फुगून फुटलेली, कोंबड्यांची पिसं, केस, दारूच्या बाटल्या. माश्या तोंडावर बसत होत्या. याच काठावर आई पोळ्याच्या आधी मातीला हळदकुंकू वाहायची. मी पदर नाकाला बांधला आणि खणलं. गुडघाभर घाण उपसल्यावर पिवळी माती लागली. तिलाही वास येत होता. हाताला चिकटलेलं काय माती होतं आणि काय नव्हतं, पाहायची हिंमत झाली नाही. दोनदा ओकले आणि घमेलं भरून घरी आले.

बाबानं माती चिमटीत धरली, चोळली, आणि चाकापाशी बसला. भावानं चाक फिरवून दिलं. माती निवडून, गाळून घेतली होती तरी फिरता फिरता मडक्याच्या अंगातून प्लास्टिकचा निळा दोरा निघाला. बाबानं तो ओढला. त्याचे हात थरथरले आणि काठ एका बाजूला बसला. परत लावला, परत बसला. तिसऱ्यांदा त्यानं चाकावरचे हात काढून घेतले.

"राहू दे, बाई," तो म्हणाला. "हे माती नाई राह्यली आता. आणि मी कुंभार नाई राह्यलो."

"बाबा, चूक माझी झाली."

"चूक कायची? मडकं विकाले ठेवलं होतं समज." तो हात धुवायला लागला. नखांतली घाण निघेना म्हणून बराच वेळ घासत बसला. त्यापेक्षा त्यानं मला दोन शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

बाबा पोळ्यानंतर गेला. सकाळी निरोप आला, दुपारी मी पोचले. बाबाला बाहेरच्या खोलीत निजवलं होतं, आणि भाऊ नळाशी बसून रंगवलेलं एक मडकं वाळूनं घासत होता. शेजारची माणसं बघत होती. रंग जागोजागी निघाला होता, खाली लाल दिसत होतं. पिवळं नाही आणि लालही नाही, खरूज झाल्यासारखं.

"निघत नाई, ताई," तो म्हणाला. हाताची कातडी सोलवटली होती.

"दुसरं?"

"सगळी अशीच."

चुलता म्हणाला, वेळ होतो, चला. आमच्यात बायका घाटावर जात नाहीत. मी निघाले तेव्हा चुलता आडवा आला. "तू कायले येतं?" मी चालत राहिले. तो बाजूला झाला.

भावानं अग्नी दिला. मडकं खांद्यावर घेतलं. चुलत्यानं दगडाची टिचकी मारली, भोक पडेना. पुन्हा मारली. तिसऱ्यांदा असा जोरात मारला की भाऊ हेलपाटला, आणि रंगाचा एक पोपडा सुटून खाली पडला. कसंबसं पाणी ठिबकायला लागलं. कोणीतरी मागं हसू दाबलं. ज्याच्या मडक्यांनी गावातली सगळी मयतं निस्तरली, त्याच्याच मयताला हे.

तिसरी फेरी झाली. भावानं मडकं खांद्यावरून मागं टाकलं.

ते फुटलं नाही. धप्प असा आवाज आला, जाड, मुका. मडकं एकदा उसळलं, घरंगळत माझ्या पायाशी येऊन थांबलं आणि त्यातलं उरलेलं पाणी हळूहळू बाहेर येऊ लागलं.

भावाला निघायचं होतं. तो निघाला नाही. पाठमोरा तसाच उभा. त्याला वळून पाहता येत नव्हतं आणि ऐकायचं होतं ते ऐकू आलं नव्हतं. त्याची मान जरा वळली. कोणी पुढं होईना, फुटलं नाही तर काय करायचं हे आमच्या गावात कोणाला माहीतच नव्हतं.

"ताई," तो समोर पाहतच म्हणाला. "फुटलं का?"

मी चुलत्याच्या हातातला दगड घेतला. मडक्यापाशी उकिडवी बसले. ते हाताला गुळगुळीत लागलं, रंगाचा वास आला. मी दगड दोन्ही हातांनी उचलून घातला. पहिल्यांदा नुसती चीर गेली. पुन्हा घातला. पुन्हा. माझ्याच बोटांवर बसला एकदा. मग ते फुटलं, मोठ्यानं, चोख आवाज करून. आत सगळं लालभडक होतं.

"फुटलं," मी म्हणाले. "जाय आता. मागं पाहू नको."

तो चालायला लागला. मी तिथंच बसून खापऱ्या गोळा केल्या, बाबापाशी रंगाची एकही राहू दिली नाही, आणि ओच्यात घालून त्याच्या मागं निघाले.