अकरा भोकांची चादर

मी मल्टिडिसिप्लिनरी आर्टिस्ट आहे. म्हणजे नेमकं काय, हे आमच्या घरात तीन वर्षं कुणालाच कळलेलं नव्हतं. (मला सकाळी सकाळी थोडंफार कळायचं, दुपारपर्यंत तेही जायचं.) माझा विषय 'ओळख आणि स्मृती'. आम्ही विणकरांच्या घरातले; घरात तेलुगू, गल्लीत मराठी आणि रिक्षावाल्याशी दखनी बोलतो. तेव्हा आपण नक्की कोण, हा प्रश्न मला पडणं साहजिकच होतं. सोलापूरच्या शुक्रवार पेठेतल्या आमच्या घरात तो दुसऱ्या कुणाला पडला नव्हता, कारण बाकीच्यांना कामं होती.

शेवटी पप्पांनी मुदत दिली. सोलापुरात नव्या कलाकारांचं प्रदर्शन भरणार होतं आणि पुण्याच्या एक बाई येऊन त्यातलं एक काम तिकडच्या मोठ्या प्रदर्शनासाठी निवडणार होत्या. माझी निवड झाली तर ठीक, नाहीतर सोमवारपासून सात रस्त्याला पप्पांच्या मित्राच्या ऑफिसात कॉम्प्युटरवर बसायचं. मी म्हटलं, बसते; पण ती वेळच येणार नाही. एवढा निर्धार मी दहावीलासुद्धा केला नव्हता!

त्या निर्धाराच्या भरात मी आप्पांनी, म्हणजे माझ्या आजोबांनी, विणलेली शेवटची चादर ट्रंकेतून काढली आणि कात्रीने तिला रुपयाएवढी अकरा भोकं पाडली. एकेक भोक म्हणजे आमच्या घराण्याने विसरलेली एकेक गोष्ट: तेलंगणातलं मूळ गाव, पणजीची अंगाई, आजीचं माहेरचं नाव, असं सगळं. कामाचं नाव 'विस्मृती'. तीन महिने लागले. (कापायला दहा मिनिटं. बाकी विचार.)

प्रदर्शनाच्या आदल्या दिवशी सकाळी चादर घडी करून कॉटवर ठेवली आणि भोकांखाली लावायच्या चिठ्ठ्या छापून आणायला बाहेर पडले. दुकानात आधी वीज गेली, मग प्रिंटर रुसला. चार वाजता परत येते तर उंबऱ्यात सुशीला आत्या बसलेली. ही पप्पांची थोरली बहीण. चादरीच्या कारखान्यात सव्वीस वर्षं चेकिंगला होती. माल उजेडात धरायचा, दोष शोधायचा, रफू करायचा. रिटायर झाली तरी नजर गेली नाही. लग्नात तिला शालूतला तुटका धागा आधी दिसतो आणि नवरी नंतर.

"झालं बघ," चष्मा काढत ती म्हणाली. "अकरा होती. उंदरं लई माजलीत की."

चादरीच्याच दशांचे धागे ओढून तिने अकराच्या अकरा भोकं बुजवली होती. मी चादर उन्हात धरली, उलटी केली, बोटं फिरवली. एक सापडेल तर शपथ!

"आत्या, ती भोकं मी पाडली होती गं."

तिने काढलेला चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवला. मग हळूच म्हणाली, "आप्पांच्या चादरीला? तू?"

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. घाईघाईने चिठ्ठ्या पुढे करून मी सांगायला लागले, की आपण आपलं मूळ गाव विसरलोय, त्याचं हे प्रतीक आहे.

"कोण विसरलंय?" आत्याने गावाचं नाव, गावाअलीकडचा ओढा, आजीचं माहेर, सगळं एका दमात सांगून टाकलं. अंगाई तर म्हणूनच दाखवली, दोन्ही कडवी. "मला कुणी विचारलंच न्हाय की."

दहा चिठ्ठ्या अशा निकालात निघाल्या. अकरावीवर लिहिलं होतं, 'आत्याला काय व्हायचं होतं'. ती आत्याने दोनदा वाचली.

"नक्षी काढायची होती," ती म्हणाली. "चादरीवरचा मोर. कारखान्यात नक्षीला बायांना घेत न्हवते. मग बसले भोकं बुजवत."

मी कात्री पुन्हा हातात घेणार होते, खोटं कशाला बोलू. पण हे ऐकल्यावर हात उचलेना. शिवाय एव्हाना आत्या चादर अंथरून तिच्यावरच मांडी घालून बसली होती.

दुसऱ्या दिवशी हॉलमध्ये एकही भोक नसलेली चादर टांगली आणि खाली भोकांच्या अकरा चिठ्ठ्या. पुण्याच्या बाईंनी चिठ्ठ्या वाचल्या, चादर पाहिली, पुन्हा चिठ्ठ्या वाचल्या आणि भोकं कुठे आहेत असं विचारलं. मी 'अभावाचा अभाव' असं काहीतरी सुरू केलं, तेवढ्यात आत्या मला बाजूला सारून पुढे झाली.

"हितं होतं एक. शोधून दाखवा."

बाईंनी पर्समधून चष्मा काढला. सापडेना. मग त्यांच्या मदतीला आणखी दोघे आले, मग चहावालाही किटली ठेवून आला. आत्या एकेका जागेवर बोट ठेवून तिथली गोष्ट सांगत गेली आणि सगळा हॉल चादरीभोवती गोळा झाला. अंगाईला टाळ्या पडल्या. मोराची गोष्ट आली तेव्हा मात्र मी रडलेच. एवढ्यात आत्याची नजर शेजारच्या कलाकाराच्या फाटक्या गोणपाटावर गेली आणि पदराला टोचलेली सुई बाहेर आली. मी तिचा हात धरून ठेवला, म्हणून त्या बिचाऱ्याची कला वाचली.

निवड चादरीचीच झाली. पुण्याच्या प्रदर्शनाच्या निमंत्रणपत्रिकेसाठी नावं लिहून द्यायची होती. मी पेन घेऊन बराच वेळ बसले. विचार माझा होता, कात्री माझी होती, तीन महिने माझे होते. पण तो न काढलेला मोर डोळ्यांपुढून हलेना. शेवटी लिहिलं, 'कलाकार: सुशीला आत्या. भोकं: भाची.'

निवड आत्याची, तेव्हा अटीप्रमाणे सोमवारपासून मी सात रस्त्याला कॉम्प्युटरवर बसते आणि संध्याकाळी आत्याकडे रफू शिकते. पत्रिका पप्पांनी फ्रेम करून बाहेरच्या खोलीत लावली आहे. मी नक्की काय करते, हे आता घरात सगळ्यांना पक्कं माहीत आहे. परवाच मला बघायला करमाळ्याहून मंडळी आली होती. मुलगी काय करते, असं त्यांनी विचारलं. पप्पांनी फ्रेमकडे बोट दाखवून अभिमानाने सांगितलं, "भोकं पाडते."