गरीब चालतं

"ते चामड्याचं काढून टाक. गरीब म्हण ना. गरीब चालतं."

चर्चच्या पॅरिश हॉलच्या किचनमध्ये भजी तळता तळता वहिनी मला हे म्हणाल्या. वहिनी म्हणजे आयर्लंडमधल्या लिक्सलिप गावच्या आमच्या मराठी मंडळाच्या अध्यक्ष. महिला दिनाचा कार्यक्रम सुरू व्हायला थोडाच वेळ होता. माझ्या अंगावर किमोनो म्हणून चढवलेला ड्रेसिंग गाऊन, तोंडाला पांढरी पावडर. एका जपानी सिनेनटीच्या आयुष्यावर मी एकपात्री प्रयोग करणार होते. स्वतः लिहिलेला.

"लोक जेवायच्या मूडमध्ये असतात गं," वहिनी म्हणाल्या. "आणि हे बघ, आम्ही काही तसलं मानत नाही. म्हणून तर तुला चान्स दिला."

तसलं. अंगाचा तिळपापड झाला. तरी मी मान हलवली आणि बरं वहिनी म्हणाले.

तसलं म्हणजे काय, ते सांगते. जानेवारीत नागपूरहून आई आली. तिला घेऊन मी मंडळाच्या संक्रांतीला गेले. बायका म्हणाल्या, "नमस्कार काकू." आईने हात जोडले. "जय भीम, बाई." मग सगळ्या एकदम तिळगुळाबद्दल बोलायला लागल्या. आईने पहाटे उठून पाटवड्या केल्या होत्या. जेवणं झाली, आवराआवर झाली, आमचा डबा कुठे दिसेना. शेवटी प्रेसमध्ये सापडला. इथे किचनच्या कपाटाला प्रेस म्हणतात. कागदी प्लेटांच्या गठ्ठ्यामागे, झाकणसुद्धा न उघडलेला.

"ठेवतानी इसरल्या असन," आई म्हणाली. घरी आल्यावर ती त्याच वड्या सकाळ-संध्याकाळ खात राहिली. मला खाऊ देईना.

मग मंडळ सोडलं का नाही? सोडून जायचं कुठे? नवरा लांब स्लायगोच्या हॉस्पिटलात नोकरीला, शनिवार-रविवार घरी. मी कॉम्प्युटर चिपच्या कारखान्यात. तिथे पांढरा सूट चढवला की माणसाचे फक्त डोळे दिसतात. मराठी बोलायला एवढीच काय ती माणसं. तीही गेली तर मी भिंतींशी बोलायला लागेन, अशी धास्ती होती मला. महिला दिनाला वहिनी तसं म्हणाल्यावर मी हॉलच्या मागे जाऊन नवऱ्याला फोन केला. तो म्हणाला, "एक वाक्य तर आहे. काढ ना, यार."

एक वाक्य. पण ती नटी त्या वाक्यातच होती.

तिच्यावरचा माहितीपट मी सुट्टीच्या दिवशी घरी पाहिला होता. चामडं कमावणाऱ्यांच्या वस्तीत जन्मली. जपानातही त्या माणसांचा विटाळ मानत, हे मला तेव्हा कळलं. पोरसवदा वयात स्टुडिओने तिला उचललं. नाव बदललं, गाव बदललं, बाप शाळामास्तर होता असं छापून आणलं. पडद्यावर ती राजकन्या झाली, सरदारांची बायको झाली. तिच्या हातांवर लोक फिदा. चहा ओतणारे ते हात पडदाभर दाखवायचे. एकदा तिची आई खाऊचा डबा घेऊन स्टुडिओच्या फाटकावर आली. दरवानाने विचारलं, ओळखता का? ती म्हणाली, नाही.

पुष्कळ वर्षांनी एका मुलाखतीत तिने आपणहून सांगितलं. माझी आई चामडं कमावायची. मी तिला फाटकावरून परत पाठवलं. त्यानंतर तिला कामं आली ती भुताखेतांची. मग तीही बंद झाली. भाड्याच्या खोलीत एकटी मेली. मी ढसाढसा रडले. मला सगळ्यात काय लागलं, तर ती बोलली तेव्हा तिची आई जिवंत नव्हती.

माझी आई जिवंत होती. हॉलमध्ये शेवटच्या रांगेत, किचनच्या दाराशी, स्वेटरवर शाल घेऊन बसली होती.

प्रयोग रंगला. राजकन्येला हशा, फाटकापाशी शांतता. मग मुलाखत आली. आता म्हणायचं होतं, माझी आई फार गरीब होती. तोंड उघडलं. आवाज फुटेना. आईला वाटलं, मी विसरले. घरी तालमी ऐकून तिला सगळं पाठ झालं होतं. शाळेच्या गॅदरिंगला करायची तशी ती लांबून ओठ हलवायला लागली. बदललेलं वाक्य तिला माहीतच नव्हतं. तिच्या ओठांवर जुनंच होतं.

"माझी आई चामडं कमावायची," मी म्हणाले.

आणि थांबलेच नाही. गाऊनच्या बाहीने तोंडावरची पावडर पुसली. "माझे आजोबा गावातली मेलेली ढोरं ओढायचे. माझी आई सरकारी दवाखान्यात फरशा पुसायची. ती तिथे मागे बसली आहे."

एक टाळी नाही. कोणीतरी घाईघाईने गाणं लावलं. वहिनी जवळ आल्या, हळूच म्हणाल्या, "तुला इथे राहायचंय ना?"

आईने त्या दिवशीही डबा आणला होता. मी सरळ किचनमध्ये गेले, प्रेस उघडलं. होता तिथेच. आणून मधल्या टेबलावर ठेवला, दोन ताटं वाढली. लोक आम्हाला वळसा घालून भज्यांकडे गेले. आईने उचललेला घास परत ताटात ठेवला.

"माह्यापायी तुहं सारं गेलं वं, पोरी."

खरंच गेलं. दुसऱ्या दिवशी मला व्हॉट्सॲप ग्रुपमधून काढलं. दुकानात ओळखीच्या बायका मला पाहून दुसऱ्या रांगेत वळतात. नवरा धड बोलत नाही. आई परत गेली. कामावरून येते, दिवा लावते आणि जॅकेटही न काढता जिन्यावर बसून राहते. कधीकधी वाटतं, आपणही त्या नटीसारखं बंद खोलीत एकटं मरणार. भीती वाटते. खूप वाटते.

पाडव्याचा कार्यक्रम त्याच हॉलमध्ये आहे. मला बोलावणं नाही. मी जाणार आहे. पाटवड्या कशा थापायच्या ते आईने फोनवर शिकवलंय. डबा मधल्या टेबलावर ठेवणार आणि शेवटपर्यंत त्याच्याशेजारी उभी राहणार. कोणी खावो, न खावो.

झाकण घरी ठेवून जाणार आहे.