सासूची याचिका

सकाळी दार वाजलं. समोरच्या घरातला महेश उभा होता. "ताई, जरा येता का? आई उठत नाहीये..." परबकाकी झोपेतच गेल्या होत्या. त्याला आता महिना होऊन गेला. मुलुंडच्या आमच्या इमारतीत त्यांचं आणि माझं दार समोरासमोर, त्यामुळे सकाळी कडी काढली की अजूनही मान आधी तिकडेच वळते.

काकी मूळच्या मालवणकडच्या. नवरा गिरणीत होता, तो लवकर गेला. अंगाने ठेंगण्या, आवाज मात्र तीन मजल्यांना पुरेल असा. काही वर्षांपूर्वी महेश मस्कतला नोकरीला होता, म्हणून घरात सासू आणि सून दोघीच. भांडायच्याही झकास. बांगड्याच्या तिखल्यात तिरफळं किती घालायची यावरून सकाळी अबोला, आणि दुपारी एकाच ताटात जेवण.

एके दिवशी सून, सुजाता, शिवणकाम आणायला म्हणून बाहेर पडली ती परतलीच नाही. फोन बंद. पोलीस ठाण्यात हरवल्याची तक्रार घेतली, पण फेऱ्या मारून मारून काकी थकल्या तेव्हा तिथला साहेब म्हणाला, "आजी, नवरा परदेशात, बाई तरुण. समजून घ्या ना." इमारतीतही हीच कुजबुज. शेवटी मस्कतहून महेशसुद्धा म्हणाला, "आई, आता पुरे कर. लोक हसतायत." मी शेजारीच बसले होते. फोन कानाशी घट्ट धरून काकी कडाडल्या, "माझी सून पळान जावची नाय. गेली असती तर माझ्याशी भांडान गेली असती!"

पुढे कोणीतरी मोफत खटले चालवणाऱ्या एका वकीलबाईंचं नाव सुचवलं आणि हायकोर्टात याचिका गेली. तारखांना मी सोबत जायचे. काकी ठेवणीतली साडी नेसायच्या, पिशवीत दोघींसाठी घावणे. एका तारखेला न्यायमूर्तींनी तपास अधिकाऱ्याला विचारलं, "ती स्वतःहून गेली, हे तुम्हाला कोणी सांगितलं?" तो कागद चाळत राहिला. "आसपासच्या इस्पितळांत चौकशी केली?" त्याने आणखी एक पान उलटलं. मग ते वकीलबाईंकडे वळले. "याचिकाकर्त्या म्हणजे मुलीची आई का?" "नाही, मायलॉर्ड. सासू." न्यायमूर्तींनी मान वर करून काकींकडे पाहिलं. काकींनी तिथूनच हात जोडले. तपास त्या ठाण्याकडून काढून राज्याच्या दुसऱ्या यंत्रणेकडे सोपवण्याचा आदेश झाला. बाहेर आल्यावर मी त्यांना तो समजावून सांगत होते, तर म्हणाल्या, "म्हणजे आता नव्यान शोधतले ना? मगे रडतंस कित्याक?" रडत मीच होते...

नव्या अधिकारी बाई घरी आल्या आणि त्या दिवसाचं सगळं पहिल्यापासून विचारत बसल्या. शिवणकाम कुठून आणायची? चेकनाक्यापलीकडून, ठाणे शहराच्या बाजूने. तिथे पोलिसांची हद्द बदलते, आणि हद्द ओलांडून तोवर कोणी काही विचारलंच नव्हतं. सुजाता गेली त्याच दिवशी तिथे एका बाईला गाडीने उडवलं होतं. डोक्याला मार, पर्स गायब, नाव सांगता येईना. इस्पितळातून तिला पुढे लांबच्या जिल्ह्यातल्या महिला आश्रमात पाठवलं होतं.

आम्ही आश्रमात पोचलो तेव्हा वर्ष उलटून गेलं होतं. सुजाताने आम्हाला ओळखलं नाही. केस कापलेले, नजर परकी. मला हुंदका आवरेना. काकींनी तिच्या डोक्यावरून हात फिरवला आणि खणखणीत आवाजात म्हणाल्या, "केसांची काय वाट लावलंस गो ही!" सुजाता बघत राहिली... मग आपणहून तिने डोकं काकींच्या खांद्यावर टेकलं. नाव तिला पुष्कळ नंतर आठवलं. आवाज मात्र त्या दिवशीच ओळखला असावा.

महेश मस्कत सोडून आला. आईच्या पायाशी वाकला तर त्या म्हणाल्या, "माफी माका कित्याक? तिका माग." त्याने मागितली, आणि मग इथेच राहिला.

सुजाता बरी झाली, पण बोलताना मधेच तिचा शब्द हरवतो. डॉक्टर म्हणाले, घाई करू नका. काकींनी स्वतःचा उपाय काढला. सुजाता "ते हे... ते..." करत अडली की त्या मुद्दाम भलताच शब्द पुढे करायच्या. तिला किसणी हवी असेल तर, "काय, म्हस?" सुजाता चिडायची, मग हसायची, आणि हसता हसता शब्द यायचा. दोघींचा तो खेळ मला घरबसल्या ऐकू यायचा.

काकी गेल्या आणि घर गप्प झालं. परवा मी डबा घेऊन गेले, तर सुजाता कपाट आवरत होती. "अहो, आईंचा तो... तो..." शब्द येईना. तिचे डोळे भरून आले. महेश काही सांगायला गेला आणि थांबला. मग त्याने थेट आईच्याच सुरात विचारलं, "काय, कोयतो?"

सुजाताने चमकून त्याच्याकडे पाहिलं, आणि इतक्या दिवसांत पहिल्यांदाच हसली.

"चष्मा हो... चष्मा!"