चहात बुडवलेलं पातळ

सत्यवतीबाईंची माझी ओळख शाळेच्या स्नेहसंमेलनामुळे झाली. अमरावतीत त्या नाटकाचे कपडे भाड्यानं देत. राणीचा शालू मागितला की आधी राणी किती उंच आहे ते विचारत. आपण स्वतः सिनेमात होतो हे त्यांनी मला अकरा वर्षांनी सांगितलं, तेही मी विचारलं म्हणून.

अंजनगाव सुर्जीच्या पानमळेवाल्याची ही मुलगी एका नाटक कंपनीबरोबर कोल्हापूरला गेली आणि सहा काळ्या-पांढऱ्या चित्रपटांत दिसली. कधी नायिकेची बहीण, कधी शेजारीण, एकदा विधवा भावजय. वडील आजारी पडले म्हणून परत आली, ती इथलीच झाली. येताना ट्रंकभर फोटो आणले होते. गेली वीस वर्षं बाई त्या फोटोंच्या पाठीमागे नावं लिहीत होत्या. नायक-नायिकांना लोक ओळखत होतेच. बाई लिहीत दिवे धरणाऱ्यांची, रंग लावणाऱ्यांची, सुतारांची.

केशवरावांचा मात्र एकही फोटो नव्हता. ते कपडेवाले. सगळे फोटोला उभे राहत तेव्हा हे इस्त्रीशी असत. पडद्यावरच्या नामावळीतही ते कधी आले नाहीत. त्यांच्या कामाची एकच खूण बाईंजवळ होती, भावजयीचं पांढरं पातळ. खरं तर ते फिकट तपकिरी होतं. शुभ्र कापडावर दिव्यांचा झोत पडला की पडद्यावर नुसता उजेड दिसे आणि चेहरा हरवे. म्हणून केशवराव पातळ चहाच्या पाण्यात बुडवत. मग पडद्यावर ते पांढरंच दिसे, पण पदराची चुणीन् चुणी कळे.

मागच्या हिवाळ्यात पुण्याच्या एका संग्रहालयाची गीतांजली फोटो न्यायला येणार होती. पातळही नेणार होती, आणि त्याच्या नोंदीत केशवरावांचं नाव पहिल्यांदा कुठेतरी लिहिलं जाणार होतं.

बाई पुतण्याकडे राहतात. त्याची बायको दीपमाला कष्टाळू आणि टापटिपीची. पुण्याचे पाहुणे असं कळकट पातळ नेणार म्हणून तिलाच लाज वाटली. आदल्या दिवशी तिनं ते सोड्यात भिजवलं, नीळ दिली, उन्हात वाळवलं. मी गेलो तेव्हा तारेवर बगळ्यासारखं पांढरं पातळ हलत होतं आणि बाई त्याच्यासमोर खुर्ची टाकून बसल्या होत्या.

"पोरी," त्या एवढंच म्हणाल्या, "तू मळ नाही धुतला, केशवराव धुतला."

दीपमाला रडली. मग डोळे पुसून तिनंच उपाय काढला : पुन्हा चहात बुडवू, कोणाले समजते? मलाही तो पटला, हे कबूल करतो. बाईंनी आम्हा दोघांकडे सारख्याच नजरेनं पाहिलं.

"मास्तर, तुमीबी? त्यानं कॅमेऱ्याले फसवलं ते कामासाठी. त्याच्या नावावर मी लोकायले फसवू?"

दुसऱ्या दिवशी गीतांजली आली तेव्हा बाईंनी झालं ते सगळं तिला सांगितलं. ती अदबीनं वागली, पण तिचा चेहरा पडला. अशी पांढरी पातळं तिच्याकडे पुष्कळ होती. आणि पुरावा नसताना केशवरावांचं नाव नुसतं ऐकून लिहिता येईल का, याची तिला शंका होती.

बाईंनी दीपमालाला मोठ्या गंजात पाणी ठेवायला सांगितलं. चहापत्ती किती, मीठ किती, कापड आधी साध्या पाण्यातून का काढायचं, सगळं त्या सांगत गेल्या आणि गीतांजली मोबाइलवर चित्रण करत गेली. पातळ त्यांनी अर्धंच बुडवलं. ओला पदर गालाशी धरून एक डोळा मिटला आणि म्हणाल्या, "केशवराव असाच पाहे. गाल दिसला पाह्यजे, पदरबी दिसला पाह्यजे." दोन वेळा पुन्हा बुडवावं लागलं.

वाळल्यावर त्या ते खांद्यावर घेऊन अंगणातल्या उन्हात उभ्या राहिल्या. गीतांजलीनं मोबाइलवर काळा-पांढरा फोटो घेतला. धुतलेल्या अर्ध्यावर नुसती चकाकी होती. बुडवलेल्या अर्ध्यावर घड्या, किनार, काठाजवळचा रफू सगळं दिसत होतं, आणि शेजारी ऐंशी वर्षांच्या बाईंचा चेहरा. गीतांजली बराच वेळ फोटोकडे पाहत राहिली. मग तिनं पिशवीतून नोंदीचा कागद काढला.

पद्धत कोणाची? केशवराव, कपडेवाले. आडनाव? बाईंना ठाऊक नव्हतं. तिथे रेघ मारायला लावली. बुडवणाऱ्या? सत्यवतीबाई, या वर्षी, अमरावतीत. एवढ्यावर गीतांजली थांबली, तर बाई म्हणाल्या, धुणारीचं राहिलं.

दीपमाला स्वयंपाकघरातून धावत आली. "माहं नाव कावून लिवता, आत्याबाई?"

"धुतलं कोनं?"

"म्या."

"मंग लिव वो बाई," त्या गीतांजलीला म्हणाल्या, "दीपमाला. हिचं आडनाव आहे मले ठाऊक."