घोडा वाजवणारे सर

माझ्या मुलीला तालवाद्यं शिकवणारे सर इंग्रज. इथे आखातात, बिन महमूद भागात, आमच्याच इमारतीत लेकीकडे राहायला आलेले. उभी हयात लंडनमध्ये सिनेमा आणि टीव्हीच्या स्टुडिओत वाजवण्यात गेली. ढोल, घंटा, ट्रँगल, प्रसंगी स्वयंपाकघरातली भांडीसुद्धा. पडद्यावर नाव मात्र एकदाही आलं नाही. "नावं येईपर्यंत लोक गाडी काढायला गेलेले असतात," ते म्हणत.

आमच्या मराठी मंडळाच्या कार्यक्रमात मुलगी झायलोफोन वाजवणार आणि सर साथ करणार, असं ठरलं. सरांची अट एकच. "मी जो नाही, ते मला म्हणायचं नाही. म्हटलंत, तर मी घरी." आणि त्यांच्याशिवाय मुलगी वाजवणार नव्हती. म्हणून परिचय मी स्वतः लिहिला, चार ओळींचा.

अध्यक्षांनी तो वाचला. "वहिनी, हा परिचय आहे की बायोडेटा? जरा वजन पाहिजे."

वजन त्यांनीच घातलं. शुक्रवारी कार्यक्रमात निवेदन मराठीत झालं, पण आपल्याकडे थोरवी इंग्रजीतच सांगतात. त्यामुळे 'वर्ल्ड-फेमस म्युझिक डायरेक्टर' एवढंच सरांना नेमकं कळलं.

सर उठले. मुलीच्या हातातल्या काठ्या खाली आल्या. सर मंचाच्या पायरीकडे वळणार, तेवढ्यात अध्यक्षांनी त्यांना शाल पांघरली आणि हातात श्रीफळ ठेवलं.

सर थबकले. त्यांनी नारळ कानाशी धरून हलवला आणि हसायलाच लागले. "याचे दोन तुकडे मिळतील?"

"अहो, ते मानाचं आहे!" अध्यक्ष मराठीतच ओरडले.

साउंड लावायला आलेला सांगलीचा इलेक्ट्रिशियन पुढे झाला. "मानाचं असलं तरी फुटतंयच की, काका." माईकच्या स्टँडच्या लोखंडी बुडावर त्याने नारळ हाणला. पाणी अध्यक्षांच्या बुटांवर.

"आत खोबरं आहे," सर म्हणाले. "घोडा जरा लठ्ठ वाटेल."

आणि दोन वाट्या एकमेकींवर आपटत त्यांनी घोडा आणला. आधी लांबून चालत, मग दुडक्या चालीने, मग चौखूर. सिनेमातल्या टापाही कुणीतरी बसून वाजवतं, हे मला त्या दिवशी कळलं. सभागृहात टाळ्या पडल्या, पण वाट्या खाली ठेवून सर पुन्हा पायरीकडे निघाले.

मुलीने माईक ओढला. ही माझ्याशीसुद्धा इंग्रजीत बोलते. "सर म्युझिक डायरेक्टर नाहीत," ती मराठीत म्हणाली. "सर घोडा वाजवतात. आज ते माझा साथ करणार."

'साथ' स्त्रीलिंगी, हे एरवी मी तिथल्या तिथे सांगितलं असतं. मंडळात इतक्या वर्षांत ऐकलेला हा पहिलाच खरा परिचय होता आणि तो माझ्या मुलीने दिला होता.

सरांनी पहिल्या रांगेत बसलेल्या माझ्याकडे पाहिलं. "काय म्हणाली?"

मी शब्दशः सांगितलं.

"बरोबर आहे," ते म्हणाले. शालीची घडी करून ढोल सरकू नये म्हणून त्याखाली घातली, आणि बसले.